मास्तरांची अंत्ययात्रा बँडविना गेली, मंत्रिमहोदय

माननीय मंत्रिमहोदय,
सादर नमस्कार.

गेल्या सोमवारी आमच्या बँडच्या मास्तरांना मातीआड केलं. जन्मभर ज्यांनी गोव्यातल्या बार्देश तालुक्यात फेस्तांची, म्हणजे चर्चच्या सणांची पहाट कोर्नेतने, त्या ट्रंपेटच्या धाकट्या भावाने जागवली, त्यांच्यापुढे इगर्जीपर्यंत, चर्चपर्यंत वाजवत चालायला आम्ही तिघेच होतो. ट्युबाच्या बुडाला हिरवं कीट चढून भोक पडलंय, फुंकलं की नुसता फुसकारा येतो. माझ्या ट्रंपेटचा मधला पिस्टन दाबला की वर येत नाही, बोटाने उचलावा लागतो. पायऱ्यांपाशी तो अडकला आणि सूर तुटला. मास्तरांच्या पत्नीने मागे वळून बघितलं. तेव्हापासून मला झोप नाही.

दोन वर्षांपूर्वी आमच्याच वस्तीवर माइक हातात घेऊन आपण म्हणालात, तीन महिन्यांत बँडला नवी वाद्यं. टाळ्या मीही वाजवल्या. मग अर्ज, कोटेशन, सात वेळा पणजी, सात दिवसांची मजुरी बुडाली. शेवटी एका साहेबांनी मान वर न करता सांगितलं, ‘हे पोर्तुगिजांचं, लोककलेत बसत नाही.’

पोर्तुगिजांचं? मी हिंदू. मास्तरांनी मला सोल्फेज, म्हणजे पाश्चात्त्य स्वरलिपी वाचून सूर म्हणायला शिकवलं, एक पैसा घेतला नाही. त्यांचा बँड फेस्ताची आल्वोराद, म्हणजे पहाटेची सलामी वाजवायचा, तसाच आमच्या गणपतीच्या विसर्जनालाही पुढे चालायचा. पोर्तुगीज 1961 साली गेले, कोर्नेत आमच्याकडेच राहिलं. हीच स्वरलिपी घेऊन माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस मुंबईला गेले, लक्ष्मीकांत-प्यारेलाल जोडीतल्या प्यारेलालना व्हायोलिन शिकवलं. सेबास्टियन डिसोझांनी शंकर-जयकिशनच्या गाण्यांचे वाद्यमेळ लिहिले. ती गाणी आज देशभरच्या वरातींत बँडवर वाजतात, आणि गोव्यातल्या बँडला म्हणे योजना नाही!

2019 साली सरकारने घुमटाला, आमच्या मातीच्या तालवाद्याला, वारसा वाद्याचा मान दिला, आनंद झाला, घुमट माझंही आहे. पण महोत्सवाच्या एका रात्री लाइट-साउंडवर जे उधळता, त्यात माझ्या हिशेबाने दहा गावांचे बँड उभे राहतील. दहा नाही तर पाच तरी. पोराला एक सूर नीट धरायला वर्षं लागतात, त्याची फीत कापता येत नाही, म्हणून त्याला पैसा नाही. डोंगर असो, नदी असो, गाणं असो, पर्यटकाला दाखवण्यापुरतंच तुम्हाला गोंय लागतं. इथे राहणाऱ्यांनी कुठे जायचं?

मास्तरांचं कोर्नेत त्यांच्या मुलीने माझ्या हाती दिलंय. तिचा अकरा वर्षांचा मुलगा रोज संध्याकाळी येऊन बसतो. येत्या फेस्ताआधी तेवढा ट्युबा दुरुस्त करून द्या. कागद हवे असतील तर आठव्यांदा आणून देतो.

आपला,
बार्देशातला एक ट्रंपेटवाला