घडीचं स्टूल

प्रिय गाईडदादा,

पत्र मराठीत आहे, म्हणजे यातलं एक अक्षरही तुम्हाला कळणार नाही. ब्राझीलमध्ये साव पावलोला राहणारा माझा भाऊ ते स्पॅनिशमध्ये करून तुमच्यापर्यंत पोचवणार आहे. त्याच्या स्पॅनिशला पोर्तुगीजचं वळण आहे, तेव्हा काही वाक्यं वाकडी लागली तर त्याला हसा, मला नको. मराठीतच लिहायचं कारण, आमच्याकडच्या माणसांनीही हे वाचावं. विशेषतः काही जणांनी. त्यांच्याकडे येतेच.

तुमचं नाव मुद्दाम लिहीत नाही. आईला तरी ते कुठे लक्षात आहे? तिच्यासाठी तुम्ही ‘तो स्टूलवाला मुलगा’. तुमचे केस माझ्याहून पांढरे आहेत, पण शहात्तर वर्षांच्या बाईला पन्नाशीचा माणूस मुलगाच.

दोन वर्षांपूर्वी आम्ही आईला घेऊन इथल्याच एका नावाजलेल्या कंपनीच्या ग्रुप टूरला गेलो होतो. एका किल्ल्याशी बस थांबली. टूर मॅनेजरने माइकवरून सांगितलं, “ज्येष्ठांनी गाडीतच बसा, वर काही विशेष नाहीये.” आम्ही वर गेलो. विशेष होतं. अडीच तासांनी खाली आलो तेव्हा आई खिडकीला डोकं टेकून बसलेली, मांडीवर बिस्किटांचा पुडा तसाच न फोडलेला. “छान झोप लागली,” म्हणाली. त्या दिवसापासून तिने एक वाक्य शिकून घेतलं : “तुम्ही या जाऊन, मी बसते.” कुणी काही विचारायच्या आतच ते म्हणायची. आम्हाला ते सोयीचं होतं, म्हणून आम्हीही ते वाक्य खरं मानत आलो.

तुमच्याकडे यायच्या आदल्या दिवशी अर्जेंटिनात, पुएर्तो इग्वासूतल्या एका एजंटाकडे गेले होते. तो आधी हसून बोलत होता. आईची काठी दिसली, तशा त्याच्या गाडीतल्या जागा भरल्या. “ह्यांना जमेल का?” त्याने मला विचारलं. आई समोर उभी होती, पण प्रश्न मला. आणि खरं सांगायचं तर रात्री हॉटेलच्या खोलीत मीही भावाला हेच म्हणाले की आईला इथेच ठेवू, जेवणाची सोय करू, आपण जाऊन येऊ. त्या एजंटाला शिव्या देण्याचा माझा अधिकार तसा अर्धाच.

सकाळी तुमची गाडी आली. तुम्ही उतरलात, आईसमोर उभे राहिलात आणि स्वतःच्या दोन्ही गुडघ्यांवर आळीपाळीने टिचकी मारून भुवया उंचावल्यात. कुठला? आईने उजवा दाखवला. तुम्ही तिला डाव्या रांगेतल्या वाटेकडच्या सीटवर बसवलंत, म्हणजे उजवा पाय वाटेत लांब करता येईल. याला किती सेकंद लागले असतील? आमचा मात्र गेल्या दोन वर्षांतला एकही प्रवास असा सुरू झाला नव्हता.

बारा नंबरच्या हमरस्त्याने दक्षिणेकडे जवळजवळ अडीचशे किलोमीटर. दोन्ही बाजूंना लाल माती, इतकी लाल की आईने रत्नागिरी, रत्नागिरी म्हणून तीनदा सांगितलं. मध्ये येर्बा मातेचे मळे, तुमच्या त्या कडू चहाच्या पानांचे. तुम्ही तो भोपळ्याचा पेला भरून, धातूची नळी खोचून, पहिल्यांदा स्वतः प्यायलात आणि मग फिरवलात. आईने घोट घेतला, तोंड केलं अडुळशाच्या काढ्यासारखं, आणि पेला परत देताना आदल्या रात्री पाठ केलेला एकुलता एक स्पॅनिश शब्द मोठ्या ऐटीत वापरला : “ग्रासियास!” झालं, त्यानंतर पेला तिच्याकडे आलाच नाही. ती जरा हिरमुसली. मग तुम्ही समजावलंत की माते पिताना ‘ग्रासियास’ म्हटलं की त्याचा अर्थ ‘पुरे, आता मला नको’. तोवर पीत राहायचं आणि गप्प राहायचं. आई म्हणाली, “म्हणजे ह्यांच्यात आभार मानले की पान उचलतात.” पुढच्या खेपेला तिने शब्दही न काढता तीन पेले संपवले.

ते स्टूल मला सान इग्नासिओ मिनीच्या, म्हणजे जेझुइट पंथाच्या पाद्र्यांच्या जुन्या पडक्या वस्तीच्या, फाटकाशी दिसलं. घडीचं, तीन पायांचं, कापडी बैठकीचं. एक कोपरा फाटलेला, त्याला सुतळी बांधलेली. खांद्याला लटकवून तुम्ही निघालात, तेव्हा वाटलं तुमचीच कंबर दुखत असेल. आत मोठं चौकोनी मैदान लागलं, त्याच्या कडेला सावली बघून तुम्ही स्टूल उघडलंत, दर्शनी भिंतीकडे तोंड करून मांडलंत आणि थांबलात. सगळा ग्रुप थांबला. आई चालत आली, बसली, काठी बाजूला ठेवली. मग तुम्ही तिच्याशेजारी उकिडवे बसलात आणि बोलायला सुरुवात केलीत. ती पोचेपर्यंत तुम्ही एक वाक्यही उच्चारलं नव्हतं. पुढच्या प्रत्येक थांब्यावर तेच. एरवी मागे राहणारं माणूस पोचतं तेव्हा माहिती संपलेली असते, आणि त्याने पोचताक्षणी पुढे निघायचं असतं. थकलेल्याला विश्रांती नाही आणि ताज्यातवान्यांना भरपूर, असा हा गंमतशीर न्याय जगभरच्या सहलींत चालतो.

तुम्ही सांगितलेलं आईला आजही आठवतं, मला अर्धंमुर्धं. ही वस्ती १६१० च्या सुमारास मुळात इथे नव्हे, तर वर ग्वायरा भागात, आजच्या ब्राझीलमध्ये वसली होती. गुलाम पकडणाऱ्या टोळ्या येऊ लागल्या, तेव्हा १६३१ मध्ये फादर रुइस दे मोंतोया यांच्या मागे तिथले मूळ रहिवासी, हजारो ग्वारानी, तराफ्यांवर बसून पाराना नदीने खाली आले. तराफे सातशेच्या आसपास होते म्हणतात. आणि त्या टोळ्या कुठून यायच्या? साव पावलोहून. “तुझ्या भावाच्या गावचे,” असं तुम्ही माझ्याकडे डोळे मिचकावून म्हणालात आणि भाऊ उगाचच ओशाळला. आत्ताच्या जागी वस्ती आली १६९६ मध्ये. लाल वालुकाश्माचं ते देऊळ (आई चर्चला देऊळच म्हणते, तुम्हीही हरकत घेतली नाहीत) चौऱ्याहत्तर मीटर लांब आणि चोवीस मीटर रुंद. आराखडा ब्रासानेल्ली नावाच्या इटालियन जेझुइटाचा, पण छिन्नी ग्वारानींची. दारावरचे देवदूत आणि वेलबुट्टी पाहून आईने विचारलं, “ह्यांची नावं कुठं लिहिलीत?” तुम्ही म्हणालात, कोरणाऱ्यांची नाहीत. ती म्हणाली, “आमच्या वेरूळलाही नाहीत.”

१७६७ मध्ये स्पेनच्या राजाने जेझुइटांना हाकललं, १८१७ मध्ये सैन्याने जाळपोळ केली, मग जंगल आलं. एका झाडाने एक दगडी खांब पोटात गिळून टाकलाय, ते तुम्ही दाखवलंत. आमच्याकडे वड-पिंपळ हेच करतात.

मी मध्ये आगाऊपणा करून सांगितलं की आमच्या गोव्यातही जेझुइट होते आणि फादर स्टीफन्स नावाच्या इंग्रजाने मराठी ओव्यांत क्रिस्तपुराण लिहिलं, ते १६१६ मध्ये राशोलला छापलं गेलं. तुम्ही लगेच म्हणालात, मोंतोयाने ग्वारानी भाषेचा कोश केला, तो १६३९ मध्ये माद्रिदला निघाला. मग दोघंही जरा गप्प. माणसं धर्म बदलायला आली आणि भाषा लिहून ठेवून गेली, याचं काय करायचं ते आपल्याला दोघांनाही ठरवता आलं नाही. तुम्ही फादरांना देवही केलं नाहीत आणि राक्षसही. बाहेर बसून टोपल्या नि लाकडी प्राणी विकणाऱ्या म्ब्या ग्वारानी बायकांशी त्यांच्या भाषेत दोन शब्द बोललात, बस.

पण हे पत्र ज्या गोष्टीसाठी लिहितेय ती परतीच्या वाटेवर वांदाला घडली.

पोलंडहून आलेल्या लोकांनी वसवलेलं गाव, त्याच्या मातीखाली १९७६ मध्ये रत्नांच्या खाणी सापडल्या. आत उतरायची वाट ओली होती. आईने काठी घट्ट धरली आणि तिचं वाक्य म्हणाली. मराठीत. तुम्ही ते माझ्याकडून भाषांतर करून घेतलंत आणि मान हलवलीत. मग तिचा हात धरून तिला तोंडाशीच, उघड्या खडकाजवळ नेलंत. काळ्या बेसॉल्टमध्ये कलिंगडाएवढी पोकळी, आतून जांभळ्या स्फटिकांनी भरलेली. सुमारे तेरा कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा, त्यात वायूचे बुडबुडे अडकले, पुढे पाणी झिरपत राहिलं आणि कणाकणाने स्फटिक धरले, असं तुम्ही सांगत होतात. पायाशी पडलेला अकीकाचा एक फुटका तुकडा उचलून मातेच्या थर्मासमधलं पाणी त्यावर ओतलंत, तशा त्याच्या रेघा उमटल्या.

आई खोखो हसायला लागली. “अगं, या तर गारगोट्या!”

आईचं माहेर सिन्नरकडचं. तिच्या लहानपणी आजोबांनी शेतात विहीर खोदली, तेव्हा सुरुंग उडाला की काळ्या दगडांतून असेच चकाकते खडे निघायचे. मजूर ते बांधावर फेकून द्यायचे. पोरं वेचायची, खडीसाखर समजून चाटायची. आता तिकडेच सिन्नरला गारगोटी नावाचं संग्रहालय आहे, तिकीट काढून बघायला जातात. तिचं म्हणणं, आपण लहानपणी लाखोंची चाटली.

मी तुम्हाला इंग्रजीत एका ओळीत सांगितलं : तिच्या गावालाही असे दगड मिळतात. तुम्ही माझ्याकडे बघून म्हणालात, “ती याहून जास्त बोलली.”

आणि मग तुम्ही ते केलंत. दिवसभर ते स्टूल भिंतींकडे, दारांकडे, झाडाकडे तोंड करून मांडत होतात. आता ते उचललंत, खडकाला पाठ करून ग्रुपकडे तोंड करून ठेवलंत, आईला बसवलंत आणि स्वतः आमच्यात येऊन खाली मातीत मांडी घातलीत.

एवढंच. स्टूल फिरवलंत.

आईने पदर सारखा केला आणि सांगायला लागली. विहीर, सुरुंग, दुपारची सामसूम, धूर, आजोबांची शिवी. ती मराठीत, मी इंग्रजीत, तुम्ही स्पॅनिशमध्ये. मी गाळायला लागले की तुम्ही बोट वर करायचात. तुमच्या खडकाला तेरा कोटी, आमच्या दख्खनच्या खडकाला साडेसहा कोटी, हे मी मध्येच घुसडलं तेव्हा आई म्हणाली, “तू थांब गं जरा.” कोर्दोबाहून आलेल्या कुटुंबातल्या सातआठ वर्षांच्या मुलीने विचारलं, “चव कशी होती?” आईने बराच विचार करून उत्तर दिलं, “पावसाची.” तुम्ही ते स्पॅनिशमध्ये सांगितल्यावर त्या पोरीने हळूच तुमच्या हातातला ओला अकीक चाटला. तिची आई ओरडली, आमची आई नाही.

दुकानात रत्नांचे हार, पक्षी, झाडं मांडलेली होती, त्याबद्दल काही लिहीत नाही. आम्ही एक साधा तुकडा घेतला.

त्यानंतर मी पुष्कळदा विचार केलाय की यात तुम्हाला काय पडलं? पैसे तेवढेच, वेळही गेला तर दहा मिनिटं. चांगुलपणा म्हटलं की आपल्याकडे लगेच त्याग वगैरे आठवतो, रक्त आटवणारी माणसं आठवतात. अशी माणसं असतातच, त्यांना नमस्कार. पण मला अलीकडे दुसऱ्याच जातीच्या माणसांचं जास्त कौतुक वाटतं. एसटीत खिडकी सोडून देणारा, बँकेत अंगठा घेताना आवाज खाली आणणारी, दवाखान्यात नातेवाइकाशी न बोलता पेशंटशी बोलणारा डॉक्टर. यांना कुणी पुरस्कार देत नाही. दिला तर त्यांना कशासाठी हेच कळायचं नाही. आणि त्या टूर मॅनेजरला, जो किल्ल्यावरून येताना आईसाठी एक फोटोसुद्धा घेऊन आला नव्हता, त्याला मी दुष्ट म्हणत नाही. त्याने फक्त मोजणी केली : अठ्ठेचाळीस माणसं, त्यातली पाच बसमध्ये.

आता कामाचं. पत्रासोबत भाऊ एक पुडकं देईल. त्यात तुमच्या स्टुलाची बैठक आहे. आईने तिच्या दोन जुन्या सुती लुगड्यांची, आत घोंगडीचा तुकडा घालून गोधडीसारखी शिवली आहे. माप तिने त्याच दिवशी बसल्या बसल्या वितीने घेतलं होतं, एक वीत आणि चार बोटं, मला पत्ताच नव्हता. तिन्ही कोपऱ्यांना दुहेरी नाड्या आहेत, सुतळी लागणार नाही. खालची बाजू गडद ठेवली आहे कारण तुमची माती धुऊन निघत नाही, हे तिने स्वतःच्या पातळावरून ताडलंय. कडेला दोन बोटं कापड जास्त मुडपलेलं आहे, कमी पडलं तर उसवून घ्या.

आणि तिने विचारलंय की त्या पोरीच्या पोटात काही दुखलं तर नाही ना.

तुमची,
आईच्या उजव्या गुडघ्याला हॉटेलात ठेवून येणार होती ती मुलगी