हाडांना नावे मिळायला हवीत: परराष्ट्रमंत्र्यांना नागपूरहून खुले पत्र

मा. श्री. एस. जयशंकर,
परराष्ट्रमंत्री, भारत सरकार, नवी दिल्ली

सविनय जयभीम.

मी नागपूरचा, राज्य शासनाच्या सेवेतून निवृत्त झालेला स्थापत्य अभियंता. श्रीलंकेचे सरकार आणि तमिळ वाघ (एलटीटीई) यांच्यातल्या युद्धानंतर आपल्या देशाने तिथे जे उभे केले त्याचा मला अभिमान आहे. पण एक काम, त्या युद्धात बेपत्ता झालेल्या माणसांचा छडा लावण्याचे, राहून गेले आहे आणि त्याला आता फार उशीर चालणार नाही. म्हणून हे पत्र.

आधी घरांबद्दल. भारताने तिथे 50,000 घरांचा प्रकल्प हाती घेतला, त्यातली सुमारे 46,000 घरे युद्धात होरपळलेल्या उत्तर आणि पूर्व प्रांतांत. बहुतेक घरे ठेकेदाराने नव्हे, तर घरमालकांनी स्वतः बांधली. साडेपाच लाख श्रीलंकन रुपये, काम पुढे सरकेल तसे, थेट त्यांच्या बँक खात्यात. गवंडी कोणता लावायचा, चूल कुठल्या अंगाला ठेवायची, हे त्या घरच्या बाईने ठरवायचे. ही रीत किती मोलाची आहे हे आम्हा महाराष्ट्रातल्या अभियंत्यांना 30 सप्टेंबर 1993 च्या किल्लारी भूकंपाने शिकवले. तिथे 52 गावे नव्या जागी वसवली गेली. सरळ रेषेत आखलेल्या त्या वसाहतींत रुळायला लोकांना वर्षे लागली. ज्या गावांत दुरुस्तीचे पैसे घरमालकाच्या हाती दिले आणि अभियंता फक्त देखरेखीला ठेवला, तिथे लोकांनी जीव ओतून काम केले. जाफन्याची रेल्वेही आपल्या इरकॉन या सरकारी कंपनीने पुन्हा टाकली, 2014 मध्ये गाडी तिथवर पोचली. हे सगळे चांगलेच झाले.

पण त्याच उत्तर प्रांतातल्या बायका 20 फेब्रुवारी 2017 पासून किलिनोच्चीत रस्त्याच्या कडेला धरणे धरून आहेत. हातात मुलाचा, नवऱ्याचा फोटो. मे 2009 मध्ये युद्ध संपले तेव्हा अनेकींनी आपली माणसे स्वतः नेऊन सैन्याच्या स्वाधीन केली, कारण चौकशी करून सोडू असे सांगितले होते. ती माणसे परत आली नाहीत. आंतरराष्ट्रीय रेडक्रॉसकडे श्रीलंकेतल्या बेपत्ता माणसांच्या 16,000 हून अधिक नोंदी आहेत. 2016 मध्ये बेपत्ता व्यक्तींसाठी कायद्याने कार्यालय झाले, 2018 मध्ये ते सुरू झाले, पण या आयांचा त्यावर विश्वास बसला नाही. मला त्यांचे पटते. ज्या सरकारच्या माणसांनी मुलगा नेला, त्याच सरकारच्या खिडकीत अर्ज द्यायचा आणि पावती घेऊन घरी यायचे, हे कोणत्या आईला पटेल?

आणि आता हाडे वर येऊ लागली आहेत. जाफन्याजवळच्या चेम्मणीत माणसे पुरल्याचे 1998 मध्ये एका सैनिकानेच न्यायालयात सांगितले होते. 2025 मध्ये तिथे पुन्हा उत्खनन झाले आणि 200 हून अधिक सांगाडे निघाले. त्यांत लहान मुलांचे आहेत. एका ठिकाणी शाळेचे निळे दप्तर सापडले.

साहेब, माझी मागणी इथून सुरू होते. हाडातून, दाढेतून डीएनए काढता येतो. पण तो जुळवायचा कशाशी? आई किंवा वडिलांचा नमुना असला तर उत्तर स्पष्ट येते. ते गेले की भावंडे, चुलते, मामा यांच्यावरून ताडावे लागते आणि खात्री कमी होत जाते. 2009 मध्ये पन्नाशीत असलेल्या आया आता सत्तरीकडे झुकल्या आहेत. धरण्यावर बसणाऱ्यांपैकी अनेक जणी वारल्या. गालाच्या आतून कापसाच्या काडीने नमुना घ्यायला दोन मिनिटे पुरतात आणि नीट ठेवला तर तो वर्षानुवर्षे टिकतो. सांगाडे नंतरही उकरता येतील, नमुने मात्र आजच घ्यायला हवेत. खटले कधी चालतील, सत्ता कोणाकडे जाईल, याची वाट पाहण्याचे कारण नाही. पूर्वीच्या युगोस्लाव्हियातल्या युद्धांत सुमारे 40,000 माणसे बेपत्ता झाली होती. त्यांपैकी जवळपास 70 टक्के माणसांचा छडा लागला आणि त्यात नातेवाइकांच्या रक्ताच्या नमुन्यांचा वाटा फार मोठा होता.

हे ज्ञान आपल्याकडे आहे. आमच्या नागपुरात प्रादेशिक न्यायवैद्यक प्रयोगशाळा आहे. मे 2025 मध्ये राष्ट्रीय न्यायवैद्यक विज्ञान विद्यापीठाच्या इथल्या संकुलाची पायाभरणीही झाली. श्रीलंकेच्या सिंहली आणि तमिळ तरुणांना हाडे ओळखण्याचे, डीएनए जुळवण्याचे शिक्षण शिष्यवृत्ती देऊन इथे द्या. नमुने घेण्याचा आणि जपण्याचा खर्च भारताने उचलावा. मात्र नमुने ना कोलंबोच्या ताब्यात असावेत, ना दिल्लीच्या. ते रेडक्रॉससारख्या संस्थेकडेच असावेत, कारण तमिळ माणसाचा आपल्यावरही पूर्ण विश्वास नाही आणि त्याला कारण आहे.

ते कारण आपल्याला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे. 1988 ते 1990 या काळात आपण कोलंबोत होतात, भारताने 1987 मध्ये तिथे पाठवलेल्या शांतिसेनेचे राजकीय सल्लागार होतात. त्या शांतिसेनेतले सुमारे 1,200 भारतीय जवान परत आले नाहीत. महार रेजिमेंटच्या 8 व्या बटालियनचे मेजर रामस्वामी परमेश्वरन 25 नोव्हेंबर 1987 रोजी तिथे पडले, त्यांना परमवीर चक्र मिळाले. महार रेजिमेंट म्हटले की आमच्या वस्तीतल्या घराघरांत कोणी ना कोणी आठवतो. पण त्याच वर्षी 21 ऑक्टोबरला जाफना रुग्णालयात आपल्या सैन्याच्या गोळीबारात डॉक्टर, परिचारिका आणि रुग्ण मेले, हेही जाफना विसरलेले नाही. म्हणून दुसरी मागणी: त्या तीन वर्षांत शांतिसेनेने ताब्यात घेतलेल्या माणसांच्या ज्या नोंदी असतील, त्या त्यांच्या कुटुंबांना द्या. दुसऱ्याला नोंदी उघड करा म्हणताना आपली दप्तरे बंद ठेवता येणार नाहीत.

आता नागपूरकर बौद्ध म्हणून थोडे. 14 ऑक्टोबर 1956 रोजी बाबासाहेबांनी आम्हाला समतेसाठी धम्म दिला. त्याच वर्षी सिलोनच्या, म्हणजे आजच्या श्रीलंकेच्या, संसदेने सिंहली ही एकमेव राजभाषा करण्याचा कायदा केला आणि तमिळ माणूस स्वतःच्या देशातल्या कचेरीत परका झाला. बुद्धजयंतीचे 2500 वे वर्ष तिथेही साजरे होत होते, हे मला फार बोचते. 4 नोव्हेंबर 1948 रोजी बाबासाहेबांनी संविधान सभेत सांगितले होते की अल्पसंख्याकांशी भेदभाव न करणे हे बहुसंख्याकांचे कर्तव्य आहे, आणि त्यांनी ते ओळखले पाहिजे. हे शब्द दिल्लीच्या राजदूताने उच्चारले तर कोलंबोला तो हस्तक्षेप वाटेल. दीक्षाभूमीवरच्या बौद्धाने तिथल्या भंतेजींसमोर बसून सांगितले तर तो धम्मबांधवांचा संवाद होईल. श्रीलंकेशी बौद्ध संबंध वाढवण्यासाठी भारताने 2020 मध्ये दीड कोटी डॉलरचे अनुदान जाहीर केले. त्यातून या संवादाला जागा करून द्या. तमिळ आया, सिंहली आया, विदर्भातले बौद्ध उपासक आणि तिथला भिक्खुसंघ एकत्र बसू द्या.

सिंहली आया मी मुद्दाम लिहिले. त्या युद्धात श्रीलंकेचे हजारो सैनिकही बेपत्ता झाले. 1987 ते 1989 चा जनता विमुक्ति पेरमुना या डाव्या पक्षाचा उठाव दडपताना दक्षिणेतली हजारो सिंहली मुले उचलून नेली गेली. आजचे राष्ट्राध्यक्ष अनुरा कुमार दिसानायके त्याच पक्षाचे आहेत. मुलगा नेला गेला म्हणजे काय हे त्या पक्षातल्या घरांना समजावून सांगावे लागणार नाही. तमिळ वाघांनी ऑक्टोबर 1990 मध्ये उत्तरेतून हाकललेल्या मुस्लिम कुटुंबांनाही या बैठकीत जागा हवी.

कोलंबोशी पुढच्या चर्चेत नमुने गोळा करण्याचा प्रस्ताव आपल्या खात्याने लेखी द्यावा आणि शांतिसेनेच्या काळातल्या नोंदींबद्दल संसदेत निवेदन करावे, एवढी विनंती आहे. शिक्षणासाठी येणाऱ्या मुलामुलींच्या राहण्या-जेवणाची काळजी करू नका. नागपुरातले बौद्ध विहार आणि आमची घरे त्यांच्यासाठी उघडी आहेत.

आपला,
नागपूरचा एक निवृत्त अभियंता