डंपर सोडवण्यापूर्वी

दांडिया बाजार, बडोदा

तीर्थरूप आई व बाबा यांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

दंडाची रक्कम आजच भरून जप्त झालेला डंपर सोडवून आणू, असे बाबा काल फोनवर म्हणाले आणि आईने पाटल्यांचा विषय काढला, तेव्हा मला नीट उत्तर देता आले नाही, म्हणून आज सविस्तर लिहिते. कृपा करून मुदत ठेव मोडू नका आणि तडजोडीच्या, म्हणजे दंड भरून प्रकरण मिटवण्याच्या, अर्जावर अजून सही करू नका.

जे घडले ते मी लपवणार नाही. ओरसंग नदीच्या पट्ट्यातून रेती भरून येताना आपल्याकडे रॉयल्टी पास, म्हणजे रेती नेण्याचा सरकारी परवाना, होता, पण त्यावर १६ टन लिहिलेले होते आणि तपास पथकाने काट्यावर नेल्यावर वजन १९ टन भरले. ही चूक आपली आहे. दादाने भरताना वजन पाहायला हवे होते, आणि हिशेब माझ्याकडे असल्यामुळे मीही विचारायला हवे होते. चांदोदला जिथे ओरसंग नर्मदेला मिळते तिथे बाबा आम्हाला लहानपणी नेत असत. त्या नदीची रेती मोजूनच उचलली जावी, हा कायद्याचा आग्रह मला योग्यच वाटतो.

पण दंड भरला की सारे संपले, ही बाबांची समजूत बरोबर नाही. सर्वोच्च न्यायालयाने ३ डिसेंबर २०२० रोजी मध्य प्रदेशातील एका प्रकरणात सांगितले आहे की खनिज कायद्याखाली तडजोड झाली, तर त्या कायद्याखालची कारवाई थांबते, मात्र सरकारी मालकीची रेती चोरल्याचा तेव्हाच्या दंड संहितेखालचा गुन्हा तेवढ्याने मिटत नाही. म्हणून दंडाची आकारणी कशी केली आहे, तीन टनांची की सगळ्या मालाची, हे लेखी हाती आल्याशिवाय पैसे भरणे मला धोक्याचे वाटते.

वाहन सोडवण्याचा मार्ग यापासून वेगळा आहे. गुजरातच्या बेकायदा खनिज वाहतुकीविषयीच्या २०१७ च्या नियमांप्रमाणे तडजोड झाली नाही तर तपास अधिकाऱ्याला जप्तीपासून ४५ दिवसांच्या आत सत्र न्यायालयात लेखी तक्रार करावी लागते, आणि तशी तक्रार नसेल तर बँक गॅरंटीचा आग्रह न धरता वाहन परत द्यावे लागते, असे गुजरात उच्च न्यायालयाने २०२० मध्ये म्हटले आहे. आज आपला २९ वा दिवस आहे. तक्रार दाखल झाली, तर मी त्याच न्यायालयात तात्पुरत्या ताब्यासाठी अर्ज करीन. तेव्हा बंधपत्र द्यावे लागेल, डंपर विकणार नाही, त्याचे रूप बदलणार नाही आणि बोलावले की हजर करू, अशी हमी द्यावी लागेल. जप्त वाहने आवारात उन्हापावसात कुजत ठेवू नयेत, छायाचित्रे आणि पंचनामा करून योग्य हमीवर मालकाच्या ताब्यात द्यावीत, हे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये सुंदरभाई देसाई प्रकरणात सांगितले, आणि ते प्रकरणही गुजरातचेच होते. परवा मी आवारात जाऊन आले. मागचे दोन टायर बसले आहेत, बॅटरी उतरली आहे. ते पाहून मलाही घाई करावीशी वाटली, हे खरे.

आईला एक सांगायचे आहे. ताबा परत मिळाला म्हणजे आपण सुटलो असे होत नाही, खटला चालेल आणि न्यायालयाला दोष दिसला तर कायद्याप्रमाणे डंपर सरकारजमाही होऊ शकतो. पण जप्ती झाली म्हणून बाबांनी आयुष्यभर सांभाळलेली अब्रू गेली, असेही होत नाही. शेजारी विचारतील म्हणून पुण्याला ताईकडेच राहावे, असे बाबा म्हणाले, त्याने मला फार वाईट वाटले. तुम्ही परत या, मी आणि दादा स्टेशनवर येऊ.

डंपर बाबांच्या नावावर आहे, म्हणून अर्ज त्यांच्याच नावाने करावा लागेल. सोबत वकीलपत्र आणि प्रतिज्ञापत्राचा मसुदा पाठवत आहे. मसुद्यात १६ आणि १९ हे दोन्ही आकडे जसेच्या तसे लिहिले आहेत. बाबांनी तो पूर्ण वाचावा, पटला तर वकीलपत्रावर सही करून ते स्पीड पोस्टने पाठवावे. प्रतिज्ञापत्रावर मात्र पुण्यात नोटरीसमोरच सही करावी. आर. सी. बुकाची मूळ प्रत गोदरेजच्या कपाटात सापडली आहे. आईच्या पाटल्याही तिथेच आहेत, आणि तिथेच राहतील.

आपली,
सुमा