खजिन्याची किंमत कोटींतच का?

मा. संपादक,

इंग्लंडमधल्या लेमस्टरजवळ सापडलेल्या, व्हायकिंगांच्या (उत्तर युरोपातून समुद्रमार्गे येऊन लूट करणाऱ्यांच्या) खजिन्याची बातमी आपल्या अंकात वाचली. मथळ्यात कोटींचा आकडा, आत पुन्हा तोच. दागिने कसे आहेत, याबद्दल अवाक्षर नाही! सांगलीत सराफी पेढीवर घडणीचं काम करण्यात माझी हयात गेली, म्हणून राहवलं नाही.

त्यातल्या सोन्याच्या कड्याला जनावराचं तोंड आहे आणि ते आपलीच शेपटी गिळतंय. मकरमुखी तोडे घडवणाऱ्याला हे काम लगेच ओळखीचं वाटेल. अंगठी आठ पैलूंची. स्फटिकाचा गोळा सोन्याच्या पट्ट्यांत बसवलेला, आणि ८७८च्या सुमारास हा ऐवज पुरला गेला तेव्हाच तो काही शतकं जुना होता. म्हणजे कुणाच्या तरी घरातून लुटलेला असणार.

२०१५ मध्ये मेटल डिटेक्टर घेऊन फिरणाऱ्या दोघांना हे सापडलं. तिथल्या कायद्याने १४ दिवसांत कळवायचं असतं. रीतसर कळवलं असतं तर बक्षिसात वाटाही मिळाला असता. त्यांनी माल परस्पर फुंकायला काढला. मोबाइलमधून पुसलेले फोटो पोलिसांनी परत मिळवले, त्यांवरून नाणी ३००च्या आसपास असावीत असा अंदाज आहे. हाती लागली तीसेक. त्यातली पाच तर त्यांच्या एका साथीदाराने भिंगाच्या चामडी पाकिटात शिवून ठेवली होती! २०१९ मध्ये शिक्षा झाल्या, पण बाकीची बहुतेक नाणी गेली ती गेलीच.

काही नाण्यांवर तेव्हाच्या इंग्लंडातल्या दोन राज्यांचे राजे, वेसेक्सचा आल्फ्रेड आणि मर्सियाचा दुसरा केओलवुल्फ, यांच्या नावाने एकच छाप आहे: शेजारी बसलेले दोन सम्राट. केओलवुल्फला जुन्या बखरीने व्हायकिंगांच्या ताटाखालचं मांजर ठरवलं होतं. नाणी म्हणतात, दोघांचं सख्य होतं. हरवलेल्या नाण्यांवर आणखी काय होतं, देव जाणे.

आपल्याकडे नांगराला काही लागलं की पहिला विचार आटणीचा. एकदा मुशीत गेलं की पुतळी काय नि मोहोर काय, उरतो तो लगडीचा भाव. १८७८च्या भारतीय निखात निधी कायद्यानुसार दहा रुपयांहून जास्त किमतीचा गुप्त ठेवा सापडला तर जिल्हाधिकाऱ्यांना लेखी कळवावं लागतं. मालक पुढे आला नाही आणि वेगळा करार नसेल, तर तीन हिस्से सापडवणाऱ्याचे, एक जागामालकाचा. सरकारने घेतला तर धातूच्या किमतीवर एक पंचमांश जादा. गावात हे फार थोड्यांना ठाऊक असतं. पुढच्या वेळी अशी बातमी छापाल तेव्हा कोटींच्या आकड्याशेजारी एवढी चौकट जरूर द्यावी.

— एक निवृत्त सुवर्ण कारागीर, सांगली