बिनपगारी रजा आणि निवृत्तिवेतन

मा. संपादक,
स. न. वि. वि.

‘बिनपगारी रजा घेतली, म्हणजे तेवढी वर्षे पेन्शनमधून गेली’ हा समज पुण्यातील सरकारी कचेऱ्यांत घट्ट बसला आहे. तो अर्धाच खरा आहे. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ नुसार वैद्यकीय प्रमाणपत्रावर मंजूर झालेली असाधारण (म्हणजे बिनपगारी) रजा अर्हताकारी सेवेत, म्हणजे पेन्शनसाठी मोजल्या जाणाऱ्या सेवेत, धरली जाते. खासगी कारणासाठीची अशी रजा एरवी वजा होते, पण त्याने सेवेत खंड पडत नाही. खंडाचा, म्हणजे मागची सेवा बुडण्याचा, धोका असतो तो विनापरवानगी गैरहजेरीने.

घोळ होतो सेवापुस्तकात. ‘असाधारण रजा, १८० दिवस’ एवढीच नोंद, प्रमाणपत्राचा उल्लेख नाही, आदेशाचा क्रमांक नाही. निवृत्तीच्या वेळी पेन्शनचे प्रकरण तपासणीसाठी मुंबईला महालेखापालांकडे जाते आणि आक्षेप लागून परत येते. तोवर मूळ प्रमाणपत्राची फाईल कुठे शोधायची? सेवा १० वर्षे १ महिना असेल आणि हे सहा महिने वजा झाले, तर ती १० वर्षांच्या खाली येते आणि मासिक निवृत्तिवेतनाऐवजी एकरकमी सेवा उपदानच हाती येते. हा फार मोठा अन्याय आहे, आणि तो एका ओळीमुळे होतो.

म्हणून रजेचा आदेश निघताच त्यात ‘वैद्यकीय प्रमाणपत्रावर’ हे शब्द आहेत का पाहा, सेवापुस्तकात तसेच उतरवून घ्या, दुय्यम प्रतीतही. दरवर्षी सही करण्यापूर्वी रजेचे पान वाचा.

१ नोव्हेंबर २००५ रोजी किंवा त्यानंतर नोकरीला लागलेल्या आणि राष्ट्रीय निवृत्तिवेतन योजनेत असलेल्यांचे गणित वेगळे: पगार नाही, तर त्या महिन्यांचे अंशदानही (योजनेत जमा होणारा हप्ता) नाही.

– एक निवृत्त आस्थापना लिपिक, कोथरूड, पुणे