लेखणी त्यांची, सैतानही तेच

रविवारच्या पुरवणीतला मूकपटांवरचा लेख आवडला. पण डेन्मार्कच्या बेन्यामिन क्रिस्टेन्सन यांना नुसतं 'दिग्दर्शक' म्हणून उरकलेलं खटकलं. मुळात हा गायक-नट. चेटकिणींच्या खटल्यांवरचे जुने ग्रंथ उपसून त्यांनी 'हेक्सान' या मूकपटाची (१९२२) पटकथा लिहिली आणि त्यातला सैतानही स्वतःच रंगवला. पोथी वाचणाऱ्या साधूपुढे अचानक उगवणारा, उघडाबंब, जीभ लवलवणारा तो सैतान पाहून आजही दचकायला होतं. (माझा नातू तर उठूनच गेला!) डॅनिश दिग्दर्शक कार्ल ड्रायरच्या 'मिकाएल' या मूकपटात (१९२४) मात्र तेच एकाकी, प्रौढ चित्रकार. हॉलिवूड त्यांना फारसं मानवलं नाही. १९५९ मध्ये ते गेले. त्याआधीची बरीच वर्षं मायदेशी एक थिएटर चालवत होते.

– एक चित्रपटवेडा, ठाणे