बाबा, काल मला तुमचा तो रनआऊट आठवला

बॉस्टन, ६ ऑक्टोबर २०२१, बुधवार रात्र

प्रिय आई-बाबा,

काल मॅच संपल्या संपल्या घरी फोन लावला होता. इकडे रात्रीचे साडेअकरा वाजत आलेले, म्हणजे तुमच्याकडे सकाळचे नऊ. दादाने उचलला आणि म्हणाला अगं आज सर्वपित्री, आई सोवळ्यात आहे, वड्यांचं पीठ मळतेय आणि बाबा केळीची पानं आणायला खाली गेलेत. तिथी माझ्या डोक्यातून पूर्णच गेली होती. म्हटलं राहू दे, आणि जे सांगायला फोन केला होता ते तसंच राहून गेलं. म्हणून आज पिल्लू झोपल्यावर टाईप करत बसलेय. दादा, मोठ्या अक्षरात प्रिंट काढून दे हं बाबांना, मोबाईलवर वाचायला लावू नकोस.

बाबा, मॅच बेसबॉलची होती. तुम्ही म्हणाल ह्यात आपल्याला काय कळणार, पण शेवटपर्यंत वाचा, कारण काल त्या मॅचमध्ये मला तुम्ही दिसलात.

इथली टीम रेड सॉक्स आणि न्यूयॉर्कची यँकीज, ह्यांचं वैर शंभर वर्षांचं. बेब रूथ हे नाव तुम्ही ऐकलं असेल, तो आधी बॉस्टनचाच होता, पण १९२० च्या सुमाराला मालकाने त्याला न्यूयॉर्कला विकून टाकला आणि १९१८ नंतर बॉस्टन जे जिंकायचं थांबलं ते थेट २००४ पर्यंत, ८६ वर्षं! मधल्या काळात माणसं जन्माला आली, म्हातारी झाली, गेली, आणि एकदाही चॅम्पियनशिप पाहिली नाही. आणि दरवेळी वाटेत उभं कोण, तर बरेचदा यँकीजच.

आपल्या घराच्या खालच्या मजल्यावर घरमालक आजोबा राहतात, मागे व्हिडिओ कॉलवर दाखवले होते बघा, तुळशीला पाणी घालताना. ते १९७८ साली विशीत होते. त्या वर्षी बॉस्टन जुलैमध्ये यँकीजच्या १४ मॅच पुढे होतं आणि तरी शेवटी दोघंही ९९ विजयांवर बरोबरीत आले, मग २ ऑक्टोबरला इथेच फेनवे पार्कमध्ये फक्त एक मॅच ठेवली, हरेल तो घरी. आजोबा स्टेडियममध्ये होते. बॉस्टन २-० ने पुढे, सातवी इनिंग, आणि यँकीजचा बकी डेंट, ज्याच्याकडून कोणालाच कसली अपेक्षा नव्हती, अख्ख्या सीझनमध्ये तोपर्यंत ज्याचे चार होमरन, म्हणजे आपले सिक्सर समजा, होते, त्याने बॉल डावीकडच्या उंच भिंतीवरून बाहेर टाकला आणि तीन रन. शेवटी मॅच ५-४ ने गेली. आजही इथली जुनी माणसं त्याचं नाव घेताना नाव आणि आडनावाच्या मध्ये एक शिवी घालतात. तुम्हाला चेतन शर्माचा तो शारजाचा शेवटचा बॉल आणि मियाँदाद म्हटलं की अजून कसं होतं? तस्संच. आजोबा म्हणतात त्या दिवशी ते स्टेडियमपासून घरापर्यंत चालत आले, बसमध्ये चढावंसंच वाटलं नाही.

तर काल परत तेच. परत बॉस्टन-न्यूयॉर्क, परत फेनवे, परत एकच मॅच. वर्षभरात १६२ मॅचेस खेळतात हे लोक, एप्रिलपासून जवळजवळ रोज, आणि दोघंही ९२ जिंकून ७० हरलेले, अगदी सारखे. आपसातल्या १९ मॅचेसपैकी बॉस्टनने १० जिंकल्या होत्या म्हणून मैदान आमचं, एवढाच काय तो फरक. पण भीती होतीच, कारण सप्टेंबरच्या शेवटी ह्याच यँकीजने इथे येऊन तिन्ही मॅचेस घेतल्या होत्या. रविवारी शेवटच्या दिवशी तर दोघांचंही तळ्यात मळ्यात चाललेलं, आम्ही वॉशिंग्टनला ५-१ ने मागे होतो आणि नवव्या इनिंगमध्ये आमच्या डेव्हर्सने होमरन मारून वाचवलं.

पिल्लूने जेवताना विचारलं, आई, आज हरले तर उद्या परत खेळतील ना? म्हटलं नाही गं, आज हरले तर संपलं. एप्रिलपासूनचं सगळं? हो, सगळं. तिने घास तसाच ताटात ठेवला.

आम्ही दोघी खाली आजोबांकडे गेलो. त्यांची पद्धत अशी की टीव्हीचा आवाज बंद करायचा आणि शेजारी रेडिओवर इथल्या लोकल स्टेशनची कॉमेंट्री लावायची, कारण टीव्हीवाले देशभराचे, आणि रेडिओवाले आपल्या घरातले. बाबा, तुम्ही काय करायचात? दूरदर्शन म्यूट आणि मांडीवर ट्रान्झिस्टर! मला दारातच भरून आलं. फक्त इथे एक गोष्ट वेगळी, रेडिओ टीव्हीच्या काही सेकंद पुढे चालतो. म्हणजे जे व्हायचंय ते आधी कानाला कळतं आणि मग डोळ्यांना.

पहिल्याच इनिंगमध्ये आमच्या बोगार्ट्सने दोन रनचा होमरन मारला. यँकीजचा पिचर, म्हणजे त्यांचा बोलर, गेरिट कोल, ९ वर्षांचा ३२ कोटी ४० लाख डॉलरचा करार असलेला माणूस, तिसऱ्या इनिंगच्या सुरुवातीला आमच्या श्वार्बरने त्याला आणखी एक मारला आणि थोड्याच वेळात त्याला बाहेर काढलं. एकूण ५० बॉल टाकले त्याने. मान खाली घालून चालत गेला, आणि खरं सांगते, शत्रूचा असूनही मला वाईट वाटलं, कारण लीगच्या मॅचमध्ये असा खराब दिवस चालून जातो, पाच दिवसांनी परत टाकायला मिळतं. काल त्याला ते पाच दिवस नव्हतेच. आमचा पिचर इओवाल्डी मात्र काय टाकत होता! एकही वॉक नाही, म्हणजे खराब बॉल टाकून कोणाला फुकट पुढे जाऊ दिलं नाही, आठ जणांना स्ट्राइकआऊट केलं, म्हणजे आपल्यासारखं बोल्डच, मैदान नुसतं दणाणत होतं, अडतीस हजार लोक आणि मागच्या वर्षी ह्याच जागी रिकाम्या खुर्च्या होत्या.

आता ती सहावी इनिंग सांगते. ३-० पुढे होतो. यँकीजच्या रिझोने होमरन मारला, उजव्या कोपऱ्यातल्या पिवळ्या खांबाजवळून, ३-१. मग त्यांचा जज नावाचा खेळाडू, तो सहा फूट सात इंचाचा, धावून पहिल्या बेसवर पोचला. तीन बेस फिरून होम प्लेटवर परत आलं की एक रन. आणि कोचने इओवाल्डीला काढलं! ७१ बॉलच झालेले, इतकं सुंदर टाकत असताना. आजोबांनी दोन्ही हात डोक्याला लावले. समोर स्टँटन, सप्टेंबरमध्ये इथेच ज्याने एका फटक्यात चार रन काढले होते तोच.

त्याने मारला. डावीकडची ती भिंत आहे ना, ग्रीन मॉन्स्टर म्हणतात तिला, हिरवी, ३७ फूट उंच, साधारण आपल्या चाळीच्या गच्चीएवढी, ती फक्त ३१० फुटांवर आहे कारण मैदान १९१२ चं, जुन्या रस्त्यांच्या मधोमध कोंबून बसवलेलं, जागाच नव्हती. त्यामुळे जो बॉल दुसरीकडे कुठेही थेट बाहेर गेला असता तो इथे भिंतीच्या वरच्या भागाला आपटून परत आत येतो. तो आपटला. बॉल उसळून मैदानात, जज पहिल्या बेसवरून सुटला तो दुसरा, तिसरा, आणि तिसऱ्याजवळ उभा असलेला त्यांचा कोच हात गरागरा फिरवतोय, जा जा जा. आमच्या किके हर्नांडेझने भिंतीवरून आलेला बॉल उचलून बोगार्ट्सकडे फेकला, बोगार्ट्स गर्रकन वळला आणि सरळ होम प्लेटवर कॅचरच्या हातात.

टीव्हीवर जज अजून तिसऱ्या बेसच्या पुढे धावत होता आणि रेडिओवर माणूस ओरडला, आऊट!

त्या दोन-तीन सेकंदांत आम्हाला माहीत होतं आणि जजला नव्हतं. तो जीव तोडून धावतोय आणि आम्हाला माहीत आहे की पोचणार नाहीये. मग त्याने झेप घेतली आणि बॉल त्याच्या आधी तिथे होता, बराच आधी. पिल्लू सोफ्यावर उड्या मारायला लागली. आजोबा उठलेच नाहीत. त्यांच्या डोळ्यांतून पाणी येत होतं आणि ते एवढंच म्हणाले की ह्याच भिंतीने तेव्हा आम्हाला बुडवलं होतं.

आणि बाबा, मला वानखेडे आठवलं. १९९१, मे महिना, रणजी फायनल, मुंबई विरुद्ध हरयाणा. मी सहा वर्षांची. तुम्ही फोर्टच्या ऑफिसमधून हाफ डे टाकून गेला होता आणि मला येताना हापूसची पेटी आणतो सांगून गेला होता. रात्री उशिरा डोंबिवलीला आलात ते रिकाम्या हाताने, बूट न काढता गॅलरीत जाऊन बसलात. आईने दोनदा ताट वाढलं, दोनदा झाकून ठेवलं. मला खूप राग आला होता तुमचा, आंब्यांवरून. नंतर कितीतरी वेळा तुमच्या तोंडून ऐकलं, ३५५ करायचे होते, सचिनचे ९६, वेंगसरकर १३९ वर नाबाद, शेवटची जोडी, आणि कुरुविला रनआऊट. दोन रनांनी गेली. कर्नल, म्हणजे तुमचा वेंगसरकर, मैदानातच रडला आणि तुमच्या आजूबाजूची मोठमोठी माणसं रडत होती. मी दरवेळी हो हो म्हणायचे आणि मनात म्हणायचे, इतक्या वर्षांनी काय त्याचं. काल जज धावताना दिसला आणि कळलं की तुम्ही कुरुविलाला तसंच पाहिलं असेल, तो पोचत नाहीये हे तुम्हाला वरून दिसत असेल आणि त्याला नसेल. त्या रात्री गॅलरीत काय वाटत होतं हे मी तुम्हाला कधी विचारलंच नाही बाबा. तीस वर्षं झाली. आंब्यांचं मात्र दर उन्हाळ्यात ऐकवलं.

पुढची मॅच भराभर सांगते, त्यानंतर यँकीजचा जीवच गेला. त्याच इनिंगमध्ये आमच्या व्हर्ड्युगोने एक रन आणून दिली, सातव्या इनिंगमध्ये त्यानेच आणखी दोन, ६-१. शेवटी स्टँटनने एक मारला, भिंतीच्या नादी न लागता वेगळीकडे, ६-२, पण तोवर उशीर झालेला. शेवटची इनिंग टाकली व्हिटलॉकने, आणि तो कोण माहितीये? यँकीजनेच तयार केलेला पोरगा, त्यांनी मोठ्या टीमच्या यादीत जागा दिली नाही म्हणून गेल्या डिसेंबरमध्ये बॉस्टनने उचलला. आई, तू म्हणतेस ना, आपलं माणूस वेळेवर ओळखता आलं पाहिजे.

अजून एक गोष्ट मनात आहे ती लिहूनच टाकते, फोनवर मला जमत नाही. जुलैमध्ये बाबांची अँजिओप्लास्टी झाली तेव्हा मी आले नाही. व्हिसाचा शिक्का, परतीची खात्री नाही, सगळं तुम्हाला माहीत आहे आणि तुम्ही दोघांनी एका शब्दाने बोल लावला नाही. त्या रात्री दादा आत-बाहेर करत मेसेज टाकत होता, आणि मी इथे स्क्रीनकडे बघत बसले होते. तिकडे जे काही व्हायचं ते होऊन गेलेलं असणार आणि माझ्यापर्यंत अजून पोचलेलं नाही, हेच सारखं डोक्यात. काल रेडिओ आणि टीव्हीच्या मधल्या त्या दोन सेकंदांत ती रात्र परत आली. पिल्लूचा हात इतका घट्ट धरला की ती ओरडली.

आता नोव्हेंबरपासून लस घेतलेल्यांना येऊ-जाऊ देणार असं जाहीर झालंय. तारीख आली की मी तिकिटांचं बघते, पिल्लूच्या ख्रिसमसच्या सुट्टीत यायचा विचार आहे. दोन वर्षांत ती माझ्या खांद्याला आलीये.

बाबा, दादा म्हणाला तुम्ही हल्ली मॅच लावतच नाही, आयपीएल पण नाही, छातीत धडधडतं म्हणून. डॉक्टरांनी बघू नका म्हटलं असेल तर माझं ऐकू नका. पण तसं काही म्हटलं नसेल तर माझ्यासाठी एक करा. उद्या रात्री रेड सॉक्सची पुढची मॅच आहे, टँपा बेशी, तुमच्याकडे शुक्रवार पहाट, साडेपाच-पावणेसहाला सुरू. ही एका मॅचची नाही, पाचांत तीन जिंकायच्या आहेत, एक हरली तरी उद्या आहे, त्यामुळे एवढी धडधड नाही होणार. तुम्ही तसेही पाचला उठताच. मी व्हिडिओ कॉल लावते, पिल्लू तुम्हाला नियम सांगेल, तिला आजोबांना काहीतरी शिकवायचंच आहे, आणि तुम्ही तिला वानखेडेची ती मॅच सांगा. पूर्ण, पहिल्या दिवसापासून. मी पण ऐकणार आहे.

आई, तुमच्याकडे आत्ता घट बसत असतील. नऊ दिवस नुसत्या साबुदाण्यावर काढू नकोस, मागच्या वर्षी पित्त झालं होतं. आणि कालचे वडे कावळ्याने लगेच शिवले का ते कळव, दादाला विचारायचं राहिलं.

बाबा, सकाळची गोळी आधी घ्या, मग कॉल उचला.

तुमची,
मनू